ट्रम्पेटवाल्याचा मुलगा



पोटासाठी वाद्य वाजवावे लागणे हा फार मोठा अपमान आहे, असे एका जगप्रसिद्ध संगीतकाराने उतारवयात सांगितले. त्यांचे नाव एन्निओ मोरिकोने. जन्म रोममध्ये, १० नोव्हेंबर १९२८ रोजी.

वडील मारिओ ट्रम्पेट वाजवीत आणि त्यावरच घर चाले. मुलाच्या हातीही त्यांनी ट्रम्पेटच दिला. महायुद्धाच्या काळात हा पोरगा रात्री सैनिकांपुढे वाजवी. अमेरिकन सैनिक पैशांऐवजी खायला देत. पण त्याने शिक्षण सोडले नाही. सांता चेचिलिया या नामांकित संगीत विद्यालयातून १९४६ साली ट्रम्पेटची आणि १९५४ साली संगीतरचनेची पदविका त्याने मिळविली. वाजविणारा आता लिहिणारा झाला!

तरीही उच्च-नीच भाव सुटला नाही. विद्यालयातल्या पंडितांना सिनेमाचे संगीत हलके वाटे. मोरिकोने यांनी उत्तर कामातून दिले. सर्जिओ लिओने यांच्या १९६४ सालच्या चित्रपटात त्यांनी शीळ, चाबकाचा फटकारा, घंटा यांनाही वाद्यवृंदात मानाचे स्थान दिले. कोणताही आवाज त्यांनी नीच मानला नाही.

१९६६ सालच्या 'बॅटल ऑफ अल्जिअर्स' या अल्जिरियाच्या स्वातंत्र्यलढ्यावरील चित्रपटाला त्यांचे संगीत आहे. १९७१ साली 'साको आणि वान्झेत्ती' आला. एक चांभारकाम करणारा, दुसरा मासे विकणारा, असे हे दोन इटालियन कामगार. त्यांना १९२७ साली अमेरिकेत विजेच्या खुर्चीत मारण्यात आले. त्यांचा खटला न्यायाने चालला नव्हता, हे तिथल्या गव्हर्नरने ५० वर्षांनी जाहीर केले. दूरदर्शनसाठीही त्यांनी पुष्कळ काम केले. माफियाविरोधी 'ला पिओव्रा' मालिकेच्या दुसऱ्या भागापासून पुढच्या बहुतेक भागांचे संगीत त्यांचे होते.

पत्नी मारिया संगीत शिकलेल्या नव्हत्या, पण नवी चाल आधी त्यांना ऐकवायची, हा घरचा नियम होता. पाच वेळा ऑस्करने हुलकावणी दिली. २००७ साली सन्माननीय ऑस्कर आणि २०१६ साली, ८७व्या वर्षी, स्पर्धेतले ऑस्कर मिळाले. ते त्यांनी मारियांना अर्पण केले. चारशेहून अधिक चित्रपट व मालिकांना संगीत देऊन ६ जुलै २०२० रोजी ते गेले.

आपल्या वाडवडिलांनी गावकीचे सक्तीचे वाजविणे टाकून दिले, ते योग्यच केले. तिथे वाद्य हातात होते, पण मान नव्हता. मात्र त्या आठवणीने आज आपल्या मुला-मुलींना वाद्यापासून दूर ठेवू नये. कुणाच्या हुकमाने वाजविणे ही गुलामी, शिकून स्वतःचे रचणे हे स्वातंत्र्य. घरात एखादे मूल ताटावर ठेका धरीत असेल, तर त्याला गप्प करू नका. त्याला संगीताच्या वर्गाला घाला.

जय भीम!