फुलपाखरू हवे, सुरवंट नको!

महाराष्ट्र सरकारने २०१५ साली नीलवंत, म्हणजेच ब्लू मॉरमॉन, यास राज्य फुलपाखराचा मान दिला. असा मान देणारे देशातील पहिले राज्य आपले, याचा आम्हांस अभिमान आहे. परंतु माकडलिंबू व लिंबाच्या कुळातील ज्या झाडांच्या पाल्यावर या मानकऱ्याचे सुरवंट वाढतात, त्या झाडांच्या वाट्यास काय आले? राजास मुकुट घालावा आणि त्याच्या मुदपाकखान्यास कुलूप ठोकावे, अशातला हा प्रकार झाला!

साताऱ्या-सांगलीच्या सुशिक्षित घरांतही हाच न्याय चालतो. परसातल्या कढीलिंबावर पक्ष्याच्या विष्ठेसारखा दिसणारा किडा आढळला, की त्यावर तत्काळ औषध फवारले जाते. आणि पाऊस ओसरताच तेच कुटुंब फुले-फुलपाखरे पाहावयास कासच्या पठारावर जाते. तो किडा म्हणजे कॉमन मॉरमॉन फुलपाखराचेच बाळरूप होते, हे मुलांस कोणी सांगावयाचे?

यावर कोणी म्हणेल की, घाणेरीवर फुलपाखरांची झुंबड उडतेच की. मग देशी झाडांचा हट्ट कशाला? घाणेरी अमेरिकेतून आली. तिच्या फुलांत मध मिळतो, पण तिच्या पानांवर आपल्या फुलपाखरांची पिल्ले पोसत नाहीत. ती खाणावळ आहे. बाळंतिणीची खोली नव्हे. मादी पायांनी पानाची चव घेते व ओळखीच्या पानावरच अंडी घालते: प्लेन टायगर रुईवर, क्रिमझन रोझ सापसंदावर, कॉमन एमिग्रंट बहाव्यावर. ही पाने गेली, की पुढची पिढी गेली. मग फुलांचे ताटवे कितीही लावा.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. शेतकऱ्याने पिकावरची कीड पोसावी काय? मुळीच नाही. लिंबाच्या बागाइतदाराने आपली बाग राखलीच पाहिजे. पण ओढ्याची कड व रस्त्याची बाजू तणनाशकाने जाळून कोणते पीक वाचते? आणि कृष्णाकाठच्या बांधावरील रुईने उसाचे असे काय घोडे मारले आहे?

सांगली जिल्ह्यास तरी हे शिकवावे लागू नये. सागरेश्वरचे उघडेबोडके डोंगर धों. म. मोहिते यांच्या ध्यासाने हिरवे झाले व १९८५ साली अभयारण्य ठरले. साताऱ्यालगतच्या महादरेच्या रानासही आज संवर्धन राखीव क्षेत्राचा दर्जा आहे. परंतु सरकारने कुंपणाआड राखावे आणि आपण परसात चिरडावे, याला संवर्धन म्हणत नाहीत.

आमचे मागणे लहान आहे. घरोघरी एक कढीलिंब फवारणीवाचून राहू द्यावा. आमटीस चार पाने कमी पडतील. पण कोशातून निघून ओले पंख वाळविणारे फुलपाखरू मुलांस स्वतःच्या अंगणात पाहावयास मिळेल. ही चार पाने ज्यांस जड वाटतात, त्यांनी नीलवंताचा अभिमान मिरवू नये.