मत्स्यसंवर्धन म्हणजे नेमके कुणाचे संवर्धन?

मत्स्यसंवर्धन या शब्दाशी माझे भांडण आहे. भाषा शिकवतो म्हणून जरा जास्तच. सरकारी मराठीत याचा अर्थ मासे वाढवून विकणे, शेतीसारखे. वाचणारा मात्र समजतो की मासे वाचवले जात आहेत. धरणाकाठी मत्स्यबीज सोडण्याचा कार्यक्रम होतो, पुढाऱ्यांच्या हातात प्लास्टिकच्या पिशव्या, दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो. पिशवीत असतात कटला, रोहू, मृगळ. हे गंगेकडचे मासे. ते भीमेत सोडून भीमेचे मासे वाचवले म्हणणे म्हणजे गहू पेरून ज्वारीचे बियाणे राखले म्हणण्यासारखे आहे.

मग भीमेचे मासे कोणते? कर्नल साइक्सने १८३९ मध्ये दख्खनच्या माशांचे वर्णन केले, तेव्हा इथल्या लोकांच्या तोंडची नावेच शास्त्रीय नावांत घातली. खुद्री, कोलुस, पोटैल, नुक्ता. जगभरचे अभ्यासक आजही ती लिहितात. उर्दूच्या वर्गात नुक्ता म्हणजे अक्षराचा ठिपका. या माशाच्याही नाकाडावर एक उंचवटा असतो. जागतिक लाल यादीत तो आज धोक्यात आलेला म्हणून नोंदलेला आहे. भिगवण-इंदापूरकडे जाल तेव्हा एखाद्या हॉटेलात त्याचे नाव विचारून पाहा. ताटात येईल ती चिलापी.

चिलापी म्हणजे आफ्रिकेची तिलापिया, १९५२ मध्ये भारतात आणलेली. मादी अंडी-पिल्ले तोंडात सांभाळते, वर्षातून अनेकदा वीण होते, घाण पाण्यातही ती तगते. आणि पुणे, पिंपरी-चिंचवडचे सांडपाणी मुळा-मुठेतून भीमेत, तिथून उजनीत येतेच आहे. खुद्रीसारख्या नदीच्या माशाला वाहते स्वच्छ पाणी, खडीचा तळ आणि पुरात वर चढायला मोकळी वाट लागते. १९८० मध्ये उजनी पूर्ण झाले, शिवाय जागोजागी बंधारे. वाट राहिली कुठे? चिलापीवर पोट भरणाऱ्या मच्छीमाराला मी दोष देणार नाही. नदी त्याने नासवली नाही.

‘परके मासे’ म्हटले की काहींची जीभ लगेच माणसांवर घसरते. तो चावटपणा इथे चालणार नाही. मासा स्वतःहून आला नाही, त्याला पिशवीतून आणले गेले.

कुणी म्हणेल, मग देशी मासा सोडा. तोही खोरे बघून! लोणावळ्याच्या केंद्रात वाढवलेली खुद्री महसीर कावेरीत सोडली गेली. कावेरीचा स्वतःचा, पाठीवर कुबड असलेला महसीर २०१८ पासून अतिसंकटग्रस्त यादीत आहे, आणि त्याच्या ऱ्हासाबद्दल अभ्यासक याच पाहुण्या खुद्रीकडे बोट दाखवतात.

आपल्या जमातीलाही दोन शब्द. मासा जबह न करता हलाल, एवढ्यावर आपला माशांशी संबंध संपतो. पण कुरआनातला सब्तवाल्यांचा किस्सा माशांचाच आहे. मनाईच्या दिवशी मासे पाण्यावर येत. तफसीरमध्ये आहे की लोकांनी हिकमत लढवली, त्या दिवशी अडवून ठेवले, दुसऱ्या दिवशी उचलले. हुकूम पाळल्यासारखा दाखवला. अंडी घालायला चढणारे मासे बंधाऱ्याखाली गाठून जाळ्यात ओढायचे आणि त्याच वर्षी बीज सोडून संवर्धन झाल्याचे लिहायचे, ही हिकमत वेगळी आहे का?

देहूला इंद्रायणीच्या डोहातले मासे धरायचे नाहीत, ही वारकऱ्यांची श्रद्धा. मला तिचा आदर आहे. तिने जाळे थांबवले. वरून येणारे सांडपाणी थांबवणे तिच्या हातात नव्हते. ते नगरपालिका-महापालिकांचे काम.

तेव्हा बीज सोडण्याला सरळ मत्स्यशेती म्हणा आणि संवर्धनाचा पैसा वेगळा दाखवा. तो सांडपाणी अडवण्यावर खर्च करा, बंधाऱ्यांत माशांना वाट ठेवण्यावर करा. चढणीच्या दिवसांत बंधाऱ्याखाली जाळी नकोत. आणि पुढच्या पावसाळ्यात पुढारी पिशवी घेऊन काठावर उभे राहिले, तर फोटोआधी एवढेच विचारा: साहेब, हा मासा कुठल्या नदीचा?