निवडुंग-कोरफडीची एकत्र कुंडी

पाण्याची ओढ असलेल्या गावातही अंगण हिरवे ठेवता येते. निवडुंग, कोरफड, पानफुटी ही झाडे अंगातच पाणी साठवतात. मात्र एका कुंडीत लावताना जोडी रूप पाहून नव्हे, तहान पाहून जमवावी.

आधी ओळख पटवून घ्या. फड्या निवडुंग हा खरा निवडुंग. त्याचे काटे लवेच्या बारीक ठिपक्यांतून निघतात. बांधावरचा तीनधारी निवडुंग आणि शेर मात्र एरंडाच्या कुळातले. त्यांची फांदी मोडली की पांढरा चीक येतो. तो डोळ्यांत गेला तर भयंकर आग होते, नजरेलाही इजा पोहोचू शकते. म्हणून मुले खेळतात त्या अंगणात ही दोन झाडे कुंडीत लावूच नयेत. चीक डोळ्यांत गेलाच, तर डोळा चोळू नये, घरगुती औषध घालू नये. स्वच्छ पाण्याने निदान 15 मिनिटे धुवावा आणि लगेच दवाखाना गाठावा.

कुंडी मातीची, पसरट आणि तळाला भोक असलेली घ्यावी. भोकावर खापरी ठेवावी. नुसती काळी माती नको. ती पाणी धरून ठेवते. दोन भाग तांबडी माती, दोन भाग जाड वाळू किंवा विटांचा चुरा आणि एक भाग जुने, कुजलेले शेणखत पुरते.

लहान निवडुंगाशेजारी कोरफडीचे एखादे पिलू चालते. दोघांनाही ऊन आवडते. पुढे कोरफडीला पिले फुटली की ती काढून दुसरीकडे लावावीत, नाहीतर निवडुंगाला जागा उरत नाही. पानफुटीला स्वतंत्र कुंडी द्यावी. तिला पाणी थोडे जास्त लागते आणि पानांच्या कडांवरची रोपे गळून सारी कुंडी व्यापतात.

निवडुंगाचे फड किंवा कोरफडीचे पिलू काढल्यावर जखम सावलीत सुकू द्यावी. फडाला साधारण 8 दिवस लागतात. ओली जखम मातीत गेली की सडते. काटेरी झाड धरायला वर्तमानपत्राची जाड घडी करून तिचा पट्टा गुंडाळावा.

बोट दोन पेरे आत घालून माती कोरडी लागली, तरच पाणी घालावे. थंडीत आणखी हात आखडावा. मृगाच्या आधी कुंडी पडवीत, उजेड मिळेल पण पागोळ्या पडणार नाहीत अशी ठेवावी. ही झाडे उन्हापेक्षा पाण्यानेच जास्त दगावतात.