कात्रजचा घाट कोणाला दाखवता?

‘कात्रजचा घाट दाखवणे’ हा वाक्प्रचार मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. १६६३ मध्ये शायिस्तेखानावरील छाप्यानंतर बैलांच्या शिंगांना पलिते बांधून त्यांना कात्रजच्या दिशेने पिटाळण्यात आले आणि मोगली फौज त्या उजेडामागे धावली, असे परंपरा सांगते. त्या वेळी हा घाट शत्रूला दाखवला गेला होता. स्वतंत्र भारतातील प्रशासन मात्र तोच घाट आपल्याच नागरिकांना दाखवत आले आहे. पलित्यांच्या जागी आता चौकशी समित्या, नोटिसा आणि ‘निसर्गाचा कोप’ हा ठरावीक शब्द आला आहे, एवढाच काय तो फरक!

६ जून २०१३ रोजी सायंकाळी नव्या कात्रज बोगद्यापलीकडे, शिंदेवाडीजवळ, पुणे-सातारा महामार्गावर डोंगरातून पाण्याचा लोंढा आला. एक तरुण माता आणि तिची चिमुकली मुलगी त्या लोंढ्यात वाहून गेल्या. महामार्गावरून प्रवास करणे, एवढाच त्यांचा अपराध होता. पावसाळा तर नुकता सुरू झाला होता. मग डोंगर एवढा का खवळला? डोंगर खवळला नव्हता. तो बेकायदा फोडण्यात आला होता आणि त्याचे नैसर्गिक ओहोळ भरावाखाली गाडले गेले होते. पाण्याने आपली जुनी वाट शोधली, ती बुजलेली दिसली, म्हणून त्याने महामार्गाचीच वाट धरली. पुढे गुन्हे नोंदले गेले, चौकशा झाल्या, वृत्तपत्रांचे रकाने भरले. परंतु डोंगर कापण्याची वृत्ती त्यामुळे थांबली काय?

दोष पावसाचा नव्हे

प्रत्येक दुर्घटनेनंतर ‘अभूतपूर्व पाऊस’ असे कारण पुढे केले जाते. हे कारण सोयीचे आहे, कारण पावसावर खटला भरता येत नाही. पण डोंगर कसा ढासळतो, हे शास्त्राला केव्हाच उमगले आहे. सह्याद्री हा थरांचा डोंगर आहे. कठीण काळ्या पाषाणाचा एक थर, त्यावर सच्छिद्र खडक, मध्येच लाल मातीचा मऊ पट्टा आणि माथ्यावर झिजलेल्या खडकाचा मुरूम, अशी त्याची रचना. पावसाचे पाणी भेगांतून आत उतरते, लाल पट्ट्यापाशी अडते आणि आडवे सरकू लागते. डोंगराचा पायथा शाबूत असेल, तर वरचा भार तोलला जातो. पायथाच उभा कापला, तर त्या भाराला आधार उरत नाही. उन्हाळ्यात हा कडा भक्कम भासतो. पहिल्या मोठ्या पावसात त्याचा मुरूम चिखल होतो.

भरावाचेही तसेच आहे. रस्त्यासाठी माती नुसती ओतून चालत नाही. ती थराथराने पसरावी लागते, योग्य ओलावा राखून दाबावी लागते. प्रयोगशाळेत मिळालेल्या कमाल घनतेच्या किमान ९५ टक्के घनता भरावात आणि ९७ टक्के घनता रस्त्याखालच्या वरच्या थरात साधली पाहिजे, असे केंद्रीय रस्ते मंत्रालयाचेच विनिर्देश सांगतात. भरावाच्या बाजूचा उतार सामान्यतः एक फूट उंचीला दोन फूट पसाऱ्याचा असावा, त्यावर गवत रुजवावे, वरच्या अंगाला पाणी अडवून वळवणारी चर खणावी, ही तर प्राथमिक शिस्त. भारतीय रस्ते काँग्रेसने भराव आणि रस्त्याकडेच्या उतारांची धूप रोखण्यासाठी १९७४ मध्येच स्वतंत्र संहिता काढली आणि २०११ मध्ये ती सुधारून प्रसिद्ध केली. म्हणजे ज्ञान नव्हते, असे म्हणण्याची सोय नाही. ज्ञान कपाटात होते आणि पोकलेन डोंगरावर होते!

भिंतीमागचे पाणी

डोंगर कापला की पुढे संरक्षक भिंत बांधायची आणि कर्तव्य संपले असे मानायचे, हा आणखी एक गैरसमज. भिंत मातीपेक्षा पाण्यानेच अधिक पडते. मागे पाणी साचले, तर भिंतीवरील दाब कोरड्या मातीच्या दाबाच्या दुपटीच्या घरात जातो. म्हणून भिंतीत पाणी निघायला भोके, त्यामागे दगडगोट्यांचा झिरपा थर आणि पायथ्याशी वाहती गटार यांची आवश्यकता असते. २९ जून २०१९ रोजी कोंढव्यात भिंत कोसळून पंधरा जीव गेले. त्यानंतर तीनच दिवसांनी कात्रजला लागून असलेल्या आंबेगाव परिसरात दुसरी भिंत पडून सहा मजूर ठार झाले. मेलेले बहुतेक जण पोटासाठी परमुलखातून आलेले श्रमिक आणि त्यांची कुटुंबे होती. शहराच्या इमारती ज्यांनी उभ्या केल्या, त्यांच्या झोपड्या भिंतीच्या सावलीत ठेवण्यात आल्या. त्याच वर्षी २५ सप्टेंबरच्या रात्री कात्रजच्या डोंगरात उगम पावणारा आंबिल ओढा वस्त्यांत शिरला आणि पुण्यात त्या पुराने वीसहून अधिक बळी घेतले. एकाच वर्षात, शहराच्या एकाच बाजूला, एवढे इशारे मिळूनही जाग येत नसेल, तर तिला झोप म्हणायचे की झोपेचे सोंग?

याच कात्रजमध्ये पाण्याला मान देणारी विद्या अडीचशेहून अधिक वर्षांपूर्वी नांदत होती. नानासाहेब पेशव्यांच्या काळात येथे तलाव बांधला गेला आणि बंदिस्त नळाने त्याचे पाणी शनिवारवाड्यापर्यंत व शहरातील हौदांपर्यंत नेले गेले. त्या नळावर ठिकठिकाणी ‘उच्छ्वास’ ठेवलेले होते. आतील हवेला वाट मिळावी आणि नळाची देखभाल करता यावी, हा त्यामागचा हेतू. पाण्याला कोंडायचे नाही, त्याला वाट द्यायची, हे तत्त्व त्या कारागिरांना ठाऊक होते. त्यांच्या वारसांना पदव्या मिळाल्या, तत्त्व मात्र हरवले.

डोंगर ब्रासमध्ये मोजणारे राज्य

मूळ दुखणे वेगळेच आहे. डोंगर बेकायदा फोडला गेला, की महसूल खाते मुरमाचे ब्रास मोजते. जमीन महसूल संहितेनुसार गौण खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड आकारता येतो. परंतु दंड मुरमाचा होतो, उताराचा नाही. नेलेल्या मातीची किंमत लावली जाते, मागे राहिलेल्या उभ्या कड्याची जबाबदारी कोणावरच पडत नाही. ज्या भूखंडातून कोट्यवधींचा लाभ व्हायचा आहे, त्याला हा दंड म्हणजे व्यवसायाचा एक किरकोळ खर्च! १:५ पेक्षा तीव्र डोंगरउतारावर विकासाला मनाई करणारी नियमावली आहे, पण ती राखायची कोणी? महसूल खाते महापालिकेकडे बोट दाखवते, महापालिका प्रदेश विकास प्राधिकरणाकडे, प्राधिकरण महामार्ग खात्याकडे. पाणी मात्र कोणाची हद्द विचारत नाही.

रस्ते नकोत, असे येथे कोणी म्हणत नाही. सातारा, कोल्हापूर, बंगळूरकडे जाणारी ही राष्ट्राची धमनी आहे आणि ती रुंद व्हायलाच हवी. पण धमनी रुंदावताना तिच्या भिंती कमकुवत करणारा शल्यविशारद कोण पत्करेल? द्रुतगती मार्गावर आडोशी बोगद्याजवळ जुलै २०१५ मध्ये दरड कोसळून प्रवाशांचे प्राण गेले, त्यानंतर दरडींना जाळ्या बसवण्याची धावपळ झाली. आधी बळी, मग जाळी, हा क्रम किती दिवस चालणार?

खर्चाची सबब सांगणाऱ्यांनी हाँगकाँगकडे पाहावे. जून १९७२ मध्ये तेथे साउ माउ पिंग येथील रस्त्याचा सैल भराव कोसळून ७१ माणसे गाडली गेली. १९७६ मध्ये तेथेच पुन्हा भराव ढासळून १८ जण ठार झाले. पुढच्याच वर्षी तेथील शासनाने उतारांवर देखरेख करणारे स्वतंत्र कार्यालय उभारले. आज तेथे सुमारे ६० हजार मानवनिर्मित उतारांची नोंद आहे. उतारावर क्रमांकाची पाटी असते आणि त्याची देखभाल कोणी करायची, हे नोंदीत निश्चित असते. तेथे दुसऱ्या आघाताने शासन जागे झाले. येथे कितव्या आघाताची वाट पाहायची?

कात्रजपासून आरंभ करता येईल. बोगद्याच्या दोन्ही अंगांच्या प्रत्येक कापीव कड्याची, भरावाची आणि संरक्षक भिंतीची नोंद व्हावी. प्रत्येकावर क्रमांक, जबाबदार खात्याचे वा मालकाचे नाव आणि शेवटच्या तपासणीची तारीख रंगवलेली असावी. मे महिन्यात चरी, मोऱ्या आणि भिंतींची भोके साफ झाल्याचा दाखला सार्वजनिक व्हावा. बेकायदा कापलेला उतार पूर्ववत स्थिर करण्याचा खर्च कापणाऱ्याकडून वसूल व्हावा, नुसता मुरमाचा दंड नव्हे. उतारावर वाळ्यासारखे खोल मुळांचे गवत लावण्यास परदेशी तंत्रज्ञान लागत नाही, इच्छाशक्ती लागते.

पाटीवर नाव रंगवले गेले, की पुढच्या दुर्घटनेला ‘निसर्गाचा कोप’ म्हणता येणार नाही. नेमके म्हणूनच ती पाटी आजवर लागलेली नाही. ती लावून घेणे हे आता जागृत नागरिकांचे काम आहे. घाट पुष्कळ पाहून झाला!