लोकपालाचा निवाडा आणि उच्च न्यायालयाची वाट

पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंत पसरलेल्या औद्योगिक पट्ट्याचे नाव निघाले की मोटारींच्या प्रचंड कारखान्यांचे चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. परंतु त्या कारखान्यांना सुटे भाग पुरविणारे जे असंख्य छोटे उद्योजक भोसरीच्या आणि तळवड्याच्या गाळ्यांतून मोजक्या यंत्रांवर धंदा चालवितात, त्यांच्या दृष्टीने विजेचे बिल ही कच्च्या मालाइतकीच निर्णायक बाब असते. ते बिल चुकले आणि ती चूक वीज कंपनीच्या ध्यानात चार-पाच वर्षांनी आली, तर तिचा भार कोणी सोसावा? प्रश्न वरवर हिशेबाचा दिसतो. वस्तुतः तो न्यायाचा आहे, आणि आज तो ज्या वाटेने सोडविला जातो ती वाट आम्हांस समाधानकारक वाटत नाही.

मोठ्या भाराच्या जोडणीत सगळा प्रवाह मीटरमधून नेता येत नाही. त्याचा ठराविक अंश मीटरला देऊन, मीटरवरील आकड्याला एका गुणकाने गुणून खरा वापर काढावा लागतो. महावितरणच्या बिलावर ‘गुणक अवयव’ असा जो रकाना असतो तो हाच. गुणक दोन असता कार्यालयात एक नोंदला गेला की दरमहा निम्मेच बिल निघते. मीटरचे सील कंपनीचे, तपासणी कंपनीची, नोंदवहीही कंपनीची. रकान्यातील आकडा बरोबर आहे की नाही हे ताडून पाहण्याचे साधन ग्राहकापाशी नसते. तो बिल भरतो, त्या खर्चावर मालाचा भाव ठरवितो आणि माल विकून मोकळा होतो. पुढे फरकाची मागणी आली म्हणजे ती त्याने कोणाकडून वसूल करावी? वीज त्याने वापरली, हे खरेच. आणि न वसूल झालेली रक्कम अखेर इतर ग्राहकांच्या माथी बसते, हेही नाकारता येणार नाही. म्हणूनच मर्यादा कोठे घालावी हा प्रश्न महत्त्वाचा.

विद्युत कायदा, २००३ याच्या कलम ५६ (२) ने ती दोन वर्षांची घातली आहे. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षे उलटली आणि ती थकबाकी म्हणून सतत दाखविली गेली नसेल, तर ती वसूल करता येत नाही. पण ‘प्रथम देय’ म्हणजे केव्हा? वीज वापरली तेव्हा, की बिल निघाले तेव्हा? या तीन-चार शब्दांनी आपल्या न्यायालयांचा बराच काळ घेतला आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठांत मतभेद झाल्याने प्रश्न मोठ्या पीठापुढे गेला, आणि १२ मार्च २०१९ रोजी त्या पीठाने सांगितले की पहिल्या मागणीच्या मागील दोन वर्षांपलीकडच्या वापराचे पैसे कंपनीला मागता येणार नाहीत. छोट्या उद्योजकाने सुटकेचा श्वास सोडला असेल. परंतु फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अजमेरच्या रहमतुल्ला खान प्रकरणात निराळी मांडणी केली: रक्कम देय होते ती बिल निघाल्यावर; आणि प्रामाणिक चुकीपोटी पुरवणी मागणी नंतरही करता येईल, मात्र त्यासाठी वीज तोडता येणार नाही. २०२१ च्या प्रेम कॉटेक्स खटल्यात तर चूक नेमकी गुणकाचीच होती, दहाऐवजी पाच, आणि तेथे ग्राहक हरला. सर्वोच्च न्यायालयाचा शब्द अखेरचा, यात वाद नाही. पण कायद्याने दिलेले संरक्षण वीज न तोडण्यापुरतेच उरत असेल, तर संसदेचा हेतू एवढाच होता काय, हे विचारणे आमचे कर्तव्य आहे.

आता या तंट्याची वाट पाहा. वैयक्तिक बिलाचे वाद राज्य वीज नियामक आयोगाने ऐकावयाचे नाहीत, ते तक्रार निवारण मंचापुढे जावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ सालीच ठरविले. हा मंच वितरण कंपनीनेच स्थापावयाचा; केंद्राच्या २०२० च्या नियमांनी तर त्याच्या अध्यक्षपदी कंपनीचाच अधिकारी बसविण्याची कल्पना केली. प्रतिवादीने पंच नेमावा असा हा प्रकार आहे! मंचाविरुद्ध विद्युत लोकपालाकडे जाण्याचा अधिकार मात्र कायद्याने फक्त ग्राहकाला दिला. कंपनी हरली की तिला घटनेच्या २२६ व २२७ या अनुच्छेदांखाली उच्च न्यायालयाची वाट उरते, आणि लोकपालाने ग्राहकाच्या बाजूने कौल दिला तरी तीच वाट. वकिलावाचून ज्याने आपले म्हणणे मांडले, त्याला आता मुंबईस जाऊन उत्तर द्यावे लागते. कोल्हापूरला २०२५ साली फिरते खंडपीठ सुरू झाले, पण पुणे जिल्हा त्यात नाही.

उच्च न्यायालयाचा हा अधिकार काढून घ्यावा असे आम्ही म्हणत नाही. तो काढता येणारही नाही; तो घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग असल्याचे १९९७ साली सात न्यायमूर्तींनी सांगितले आहे. शिवाय लोकपालाकडे हरलेल्या ग्राहकालाही तोच आधार असतो. आमचा आग्रह इतकाच की हा अधिकार देखरेखीचा आहे, अपिलाचा नव्हे. १९६३ साली सय्यद याकूब खटल्यात घटनापीठाने त्याची सीमा आखून दिली: कायद्याची उघड चूक दुरुस्त करावी, पुराव्याचे नव्याने वजन करू नये. मीटरची तपासणी झाली होती काय, गुणक कोणी नोंदला, हे प्रश्न मंचाने आणि लोकपालाने पाहिले की तेथेच संपावयास हवेत.

महावितरण ही सरकारी कंपनी आहे. तिच्या वकिलांची फी ग्राहकांच्याच पैशांतून जाते. प्रत्येक पराभव घेऊन उच्च न्यायालयाची पायरी चढणे तिला शोभत नाही. ज्या प्रकरणी कायद्याचा खरा प्रश्न आहे तेथेच, वरिष्ठांनी लेखी कारण नोंदवून, तिने जावे आणि अशा वेळी लहान ग्राहकाचा खर्चही सोसावा. आयोगाने नवी जोडणी किंवा मीटरबदल झाल्यावर महिन्याच्या आत ग्राहकासमक्ष गुणक तपासून त्याची सही घेण्याचा नियम करावा. आणि कलम ५६ मधील त्या संदिग्ध शब्दांचा अर्थ संसदेने दुरुस्तीने स्पष्ट करावा. ते काम भोसरीच्या गाळेवाल्याने एकेक खटला लढवून करावे, ही अपेक्षा आम्हांस मान्य नाही.