घरी आधी कोण सांगणार?

मुळशीतलं जांबे हिंजवडीच्या आयटी पट्ट्यालगतचं गाव. या भागात नाना जिल्ह्यांतली, नाना धर्मांची मुलंमुली एकत्र काम करतात. मित्रांना जोडीदाराची ओळख सहज करून दिली जाते. अम्मी-अब्बांपुढे मात्र जीभ अडते. ‘बिरादरीत तोंड कसं दाखवू?’ याला तयार उत्तर नसतं.

धर्म न बदलता लग्न करण्याचा रस्ता १९५४च्या विशेष विवाह कायद्यात आहे. हमीद दलवाई आणि मेहरुन्निसाभाभी दोघंही मुस्लिम, तरी निकाहानंतर त्यांनी याच कायद्याखाली पुन्हा लग्न केलं. पण त्यातली ३० दिवसांची नोटीस फलकावर लागते आणि मुलीने तोंड उघडण्याआधीच बातमी परक्याकडून घरी पोहोचू शकते. शिवाय डिसेंबर २०२२मध्ये राज्य सरकारने आंतरधर्मीय विवाहांसाठी समन्वय समिती नेमली. सज्ञान माणसांच्या संसारात सरकारने नाक का खुपसावं?

म्हणून, जिवाला धोका नसेल तर नोटिशीआधी घरी बोला. खाला, मामू, जे समजून घेतील त्यांना सोबत न्या. धोका असेल तर पोलिसांकडे लेखी संरक्षण मागा. अशा जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यात विशेष कक्ष हवा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८च्या शक्ती वाहिनी निकालात बजावलं आहे.

आणि मुलीच्या अब्बांना हेही सांगा: या लग्नात जावयाला दुसरी बायको करता येत नाही, तोंडी तलाक चालत नाही, घटस्फोट कोर्टातूनच होतो. किती निकाहनाम्यांत एवढी हमी असते?