हिरवा आडोसा

मागच्या मोकळ्या जागेतून रस्ता निघाला, की तळमजल्यावरच्या गृहिणीची मोठी पंचाईत होते. धुणं वाळत घालायचं, निवांत बसून तांदूळ निवडायचे, तर येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या नजरा! भिंत उंच करावी तर खर्च फार, शिवाय वाराही अडतो. त्यापेक्षा मैत्रिणींनो, झाडांचं कुंपण घाला.

लवकर आडोसा हवा असेल तर अडुळसा उत्तम. पावसाळा लागला की त्याच्या जून फांद्यांचे वीतभर तुकडे फूट-फूट अंतरावर खोचा. गुरं सहसा त्याला तोंड लावत नाहीत. मधूनमधून जास्वंद लावा. देवाला फुलं होतात आणि मधासाठी शिंजीरही येतो. रस्त्याच्या कडेला करवंद लावावी. ती सावकाश वाढते, पण तिचे काटे राखण करतात आणि बुलबुलांना फळं मिळतात. कोपऱ्यात कागदी लिंबू असू द्या. २०१५ साली राज्य फुलपाखरू ठरलेलं ब्लू मॉर्मन लिंबाच्या पानांवर अंडी घालतं. अळ्यांनी चार पानं खाल्ली तर खाऊ द्यात!

शेर मात्र नको. त्याचा चीक डोळ्यांत गेला तर इजा होते, आणि घरात लहान मुलं असतात. घाणेरीही टाळा, ती पसरली की आवरत नाही.

रोपं हातभर झाली की शेंडे खुडा, म्हणजे बुडापासून फुटवे येऊन कुंपण दाट होतं. आणि कात्री लावण्याआधी आत घरटं नाही ना, तेवढं डोकावून बघा. असलंच, तर पिल्लं उडेपर्यंत छाटणी लांबवा.